एवढी उष्णता, तरी आतला गाभा घट्ट कसा?

प्रश्न: पृथ्वीच्या मध्यभागी ५००० डिग्रीच्या वर तापमान आहे म्हणतात, मग तिथलं लोखंड वितळत कसं नाही? बाहेरचा गाभा मात्र द्रव, हे उलटं नाही का?

उत्तर: प्रेशरमुळे. केंद्रात हवेच्या दाबाच्या साधारण ३६ लाख पट दाब आहे, त्यामुळे लोखंडाचा मेल्टिंग पॉइंटच वर जातो, आणि खोल जाताना तो तापमानापेक्षा फास्ट वाढतो म्हणून ५१५० किमीच्या खाली सगळं घट्ट.

प्रश्न: पण तिथे गेलंय कोण? रशियातलं कोलाचं बोअर १२ किमीवरच थांबलं ना?

उत्तर: जायची गरजच नाही, भूकंपाच्या लाटा सांगतात! एस लाटा (आडव्या हलवणाऱ्या) द्रवातून जात नाहीत, २९०० किमीला अडतात, म्हणजे तिथून द्रव गाभा सुरू. पी लाटा (दाबत-ताणत जाणाऱ्या, द्रवातूनही जाणाऱ्या) जिथे दिसायला नको तिथे दिसल्या त्यावरून डेन्मार्कच्या भूकंपशास्त्रज्ञ इंगे लेहमन यांनी १९३६ मध्ये आतला वेगळा गाभा ओळखला, नुसत्या रेकॉर्डवरून, केवढं भारी काम आहे हे.