सिगा वॉट आणि कोरडा कांदा: या, आपापली फजिती लिहा

कोपरी_मैना
डब्याच्या तळाशी उरलेला बर्बरे, म्हणजे इथिओपियाचा तिखट मसाला, झटकला आज आणि एकदम अदिस अबाबाचं ते स्वयंपाकघरच. नवऱ्याची दोन वर्षांची नोकरी होती तिथे. शेजारच्या आजींना सगळे एमामा म्हणायचे, मीही. म्हणाल्या सिगा वॉट, म्हणजे तिकडचा बीफचा रस्सा, शिकवते, तीन वाजता ये. मी दुपारची झोप काढून बरोब्बर तीनला हजर, तर वॉट झालेलं, जेवणं उरकलेली, एमामा पाय पसरून बसलेल्या. तिथे दिवस उजाडल्यापासून तास मोजतात, आपले सकाळचे नऊ म्हणजे त्यांचे तीन!! मग दुसऱ्या दिवशी नवाला गेले. किलोभर बीफला जवळजवळ तेवढाच कांदा, अगदी बारीक, आणि पातेल्यात तेलाचा थेंब नाही. माझा हात आपोआप बाटलीकडे गेला तर चापटी बसली. कोरडाच कांदा मंद आचेवर पाऊण तास, लागायला लागला की पाण्याचा हबका. त्याचा लगदा झाला की नितर किब्बे, म्हणजे मसाले घालून कढवलेलं त्यांचं तूप. मग बर्बरे, तो निवांत परतायचा, मग आलं लसूण, मग बीफ. फोडणी नाही म्हणजे मला अनवाणी बाहेर पडल्यासारखं वाटत होतं. कुणी केलंय का घरी?

खमंग_काका
किलोभर कांदा चिरला कोणी ते आधी सांगा. आमच्याकडे मी चिरतो आणि पाहुण्यांना सांगतात "हिने केलंय".

निवांत८१
केलंय आणि भोगलंय. इथे अमेरिकेत, सिल्व्हर स्प्रिंगला इथिओपियन दुकानं भरपूर, बर्बरे सहज मिळतो, पण धीर कुठे मिळतो. पहिल्यांदा दहा मिनिटांत कंटाळून तेल ओतलं, लेक म्हणाली आई हा आपलाच रस्सा आहे, फक्त चुकलेला. दुसऱ्यांदा कांदा नीट केला पण तूप कडकडीत तापलेलं त्यात बर्बरे टाकला, असा खाट उठला की अलार्म वाजला, खालची म्हातारी काठी घेऊन वर. तिलाच वाडगाभर दिलं शेवटी. आता दर महिन्याला विचारते.

दोडका
मी पुण्यात, बीफ नाही, मटणाचं केलं. मेंढीचं असेल तर तिकडे येबेग वॉट म्हणतात ना? बर्बरे नव्हता म्हणून बेडगी, मेथीदाणे, ओवा, धणे, लवंग, मसाला वेलची भाजून दळलं. मेथी जरा जास्त झाली. जरा म्हणजे बरीच. कुत्र्यानेही तोंड फिरवलं.

कोपरी_मैना
@दोडका हो येबेग. मसाला वेलची चालेल, तिकडची वेलची, कोरेरिमा, तिचीच लांबची बहीण. मेथी चमचाभरच रे बाबा.

पालेभाजी
मी घासफूस पंथातली पण बोलणार. बुधवार शुक्रवार तिकडच्या ऑर्थोडॉक्स लोकांचा उपास, मांस दूध अंडं काही नाही, त्यामुळे हॉटेलात माझी चंगळ. शिरो म्हणून येतं ते चक्क पिठलं आहे हो, पिठलं!

खमंग_काका
शिरो म्हणजे पिठलं, मग शिऱ्याला काय म्हणतात?

पालेभाजी
काका 😂

जुनी_पेटी
आमचे बाबा १९७१ ला इथिओपियातल्या गोजाम प्रांतात, देब्रे मार्कोसला गणिताचे मास्तर. हाईले सेलासींच्या काळात आपल्याकडून बरेच शिक्षक जायचे. १९७४ ला सम्राटांची गादी गेली, वर्षभराने बाबा परतले. घरात कांदासुद्धा चातुर्मासात बंद, आणि बाबा तिकडे सिगा वॉट खाऊन आलेले, आईला शेवटपर्यंत माहीत नव्हतं. एका विद्यार्थ्याच्या आजीने गुर्शा दिला होता, म्हणजे आपल्या हाताने दुसऱ्याच्या तोंडात घास, नाही म्हणणं वाईट दिसतं. बाबा म्हणायचे, तोंड उघडलं तेव्हा ब्राह्मण होतो, मिटलं तेव्हा पोट भरलं होतं. गेल्या वर्षी मी केलं. बाबा आता ८० चे, दात नाहीत, इंजेरा, म्हणजे तिकडची आंबवलेली जाळीदार पोळी, रश्शात भिजवून दिला. खाल्ला आणि म्हणाले, आंबट कमी आहे, पीठ अजून एक दिवस ठेवायचं होतंस. मग थरथरत्या हाताने मलाच घास भरवला. पुढचं नाही लिहीत.

निवांत८१
🙏 डोळ्यात पाणी, आणि इथे कांदाही चिरलेला नाही.

दोडका
इंजेरा नाचणीचा होतो का, त्यांचं ते टेफ धान्य परवडत नाही

पालेभाजी
जाळी नाही पडत तशी. आंबोळी समज आणि खा. बाय द वे कुणाला मिक्सरचं भांडं दुरुस्त करून देणारा माहितेय का, ठाण्यात? पातं फिरतच नाही.

दोडका
रबर बघ खालचं, माझंही तेच होतं.

कोपरी_मैना
एमामांचा डोळा माझ्या कुकरवर होता. अदिस २३०० मीटरच्या वर, पाणी आधीच उकळतं, बीफ मात्र शिजता शिजत नाही. निघताना देऊन आले कुकर, बदल्यात हा बर्बरे, दोन किलो. आज संपणार. शेगडीवर कांदा आहे आत्ता, तुमचं वाचत बस

अगं बाई, लागला वाटतं

खमंग_काका
हबका मारा, हबका!! तेल नको!