मिशिगनमध्ये निळ्या पानांचं वाळूगवत लावायचंय, सल्ला हवा

मस्कीगनकर:
नमस्कार मंडळी. लेक मिशिगनच्या पूर्व काठावर मस्कीगनला राहतो. घर सरोवरापासून दीड मैलावर आणि जमीन म्हणजे निव्वळ वाळू. खड्डा केला की कडा साखरेसारख्या घसरून पुन्हा भरतो. ड्राइव्ह-वेलगत १२ फूट लांब, ३ फूट रुंद पट्टा आहे, तिथे दिवसभर ऊन. दोन वर्षं हायड्रेंजिया लावले, दोन्ही वेळा जुलैत करपले. नर्सरीत 'ब्लू ड्यून' नावाचं लाइम ग्रास बघितलं. कबुतराच्या मानेवर असतो तसा निळसर राखाडी रंग, मनात भरलाय. एक कुंडी १८ डॉलर. बजेट ६० डॉलर, बाहेरून माती आणायची नाही. जूनमध्ये आई-बाबा येतायत, तोवर दारात काहीतरी उभं असावं एवढीच इच्छा. कोणी लावलंय का?

ओहायोची_मावशी:
लावू नका! मी तीन कुंड्या हौसेने लावल्या होत्या. पहिलं वर्ष शहाण्यासारखं राहिलं. तिसऱ्या वर्षी गुलाबात, हिरवळीत, शेजारणीच्या कुंपणाखाली, सगळीकडे तेच. जमिनीखालून कोंब धावतात आणि त्यांचं टोक दाभणासारखं असतं. तण येऊ नये म्हणून अंथरलेलं जाड कापड त्याने भोसकलेलं मी हातात धरून पाहिलंय. बोटभर तुकडा मातीत राहिला तरी पुन्हा फुटतं. दोन उन्हाळे खणण्यात गेले.

पेणचे_अण्णा:
म्हणजे हरळीच की. आमच्याकडे उन्हाळ्यात नांगरट करून हरळीच्या काशा हाताने वेचतात, उन्हात वाळवतात आणि मग जाळतात. विकत घेऊन कोण लावतं?

डेव्हनचा_माळी:
मावशींना अनुमोदन. पण गवत वाईट नाही, जागा चुकते. बागा आखणाऱ्या गर्ट्रूड जेकिल यांनी इंग्लंडमध्ये शंभरेक वर्षांपूर्वी करड्या-निळ्या पानांच्या वाफ्यांत हेच गवत मुद्दाम वापरलं होतं. तुम्ही ब्लू ओट ग्रास घ्या. दोन-अडीच फुटांचा गोल झुबका होतो, जागा सोडत नाही. ओल्या चिकणमातीत बुडखा कुजतो, पण तुमच्याकडे वाळूच आहे. मी नऊ लावले, कडेला दगड बसवून घेतले, माणूस लावून ठिबक केलं. सगळं मिळून १,४०० पौंड गेले, पण एक पैसा वाया गेला नाही.

मस्कीगनकर:
बजेट ६० डॉलर आहे हो.

कोथरूडची_बाग:
मी पुण्यात ब्लू फेस्क्यूचं बी मागवलं होतं. जानेवारीपर्यंत वीतभर निळे गोळे, बघणारा थांबून विचारायचा. पावसाळ्यात आठ दिवसांत सगळे आतून कुजले. त्याला दमट उष्मा अजिबात सोसत नाही.

डेव्हनचा_माळी:
मिशिगनमध्ये ते जगेल. पण तीन-चार वर्षांत मधला भाग मरतो, मग उपटून, फोडून पुन्हा लावावं लागतं.

देवगडवाली:
अवांतर: आमच्या पुळणीवर मर्यादवेल आणि रावणाची मिशी म्हणतात ते काटेरी गवत वाळू धरून ठेवतं. त्याचीही पानं रुपेरी दिसतात. पण ते दारात लावायचं कोणाच्या मनात येणार नाही, पायात घुसतं.

रेक्याविकची_सून:
लाइम ग्रासला इतकं घालूनपाडून बोलू नका. आइसलँडमध्ये उडणाऱ्या वाळूने शेतं गाडली जायची. १९०७ पासून तिथे सरकारी काम सुरू झालं आणि वाळू थोपवायला याच गवताचा आधार घेतला. काळ्या वाळूत त्याची निळी पाती वाऱ्याने झुकलेली पाहिली की ऊर भरून येतो. पूर्वी दक्षिण भागात लोक याचे दाणे दळून भाकरीसारखं काही करायचे.

पेणचे_अण्णा:
दाणे खातात? मग नाचणीसारखं म्हणा. कणीस केवढं असतं?

रेक्याविकची_सून:
गव्हासारखं, वीतभर.

ड्यूनप्रेमी_शिकागो:
गव्हावरून मूळ प्रश्नाकडे येऊ या. हे गवत युरोपातलं आहे. लेक मिशिगनच्या काठावर ते बागांतून निसटून वाळूच्या टेकड्यांत पसरलंय आणि आम्ही दर वर्षी ते उपटायला जातो. त्याच टेकड्यांवर पिचर्स थिसल नावाचं काटेरी फुलझाड आहे, १९८८ पासून त्याला केंद्रीय कायद्याचं संरक्षण आहे. ते कित्येक वर्षं नुसतं पानांच्या रूपात राहतं, आयुष्यात एकदाच फुलतं आणि मरतं. त्याला मोकळी वाळू लागते. दीड मैल म्हणजे फार अंतर नाही. कळकळीने सांगतो, लिटल ब्लूस्टेम लावा. इथलंच गवत आहे, 'द ब्लूज' ही जात उन्हाळ्यात निळसर आणि शरदात तांबूस होते. रोपवाटिकेत छोटी रोपं स्वस्तात मिळतात.

कोथरूडची_बाग:
+१. मीही लाइम ग्रास नको असंच म्हणणार होते, फेस्क्यू घ्या.

टोरांटोचा_बाळू:
लाइम ग्रासच हवं असेल तर बिनबुडाचं प्लास्टिकचं पिंप १८ इंच पुरा आणि दोन इंच काठ वर ठेवा. गवत बाहेर जात नाही. माझं सहा वर्षं आत आहे.

ओहायोची_मावशी:
माझ्याकडे काठावरून उडी मारून बाहेर आलं होतं. पिंपावर विसंबू नका.

टोरांटोचा_बाळू:
काठ मातीत बुडला असेल. दर वसंतात बघावा लागतो. आणि खत अजिबात घालू नका, पाती लोळतात. मार्चअखेर चार इंचांवर छाटा, नवी पानं जास्त निळी येतात. पानावरून अंगठा फिरवा, निळा थर पुसून खालचा हिरवा दिसेल. तो मेणाचा असतो, म्हणून सारखं हाताळू नका.

मस्कीगनकर:
सगळ्यांचे मनापासून आभार. दोन आठवडे विचार केला. लाइम ग्रासच आणलंय, पण जमिनीत लावलेलं नाही. गॅरेज सेलमध्ये गुरांना पाणी पाजायचा पत्र्याचा टब दहा डॉलरला मिळाला. त्याला भोकं पाडली, काँक्रीटवर चार विटांवर ठेवला आणि एकच कुंडी त्यात लावली. खर्च २८ डॉलर. मुळं भोकांतून उतरली तर खाली काँक्रीट आहे, आणि दर रविवारी विटांच्या मधून हात घालून बघणार आहे. पट्टा तसाच मोकळा ठेवलाय. बाबा फोनवर म्हणाले, आल्यावर तिथे झेंडू लावतो, गणपतीपर्यंत फुलं येतील.

ड्यूनप्रेमी_शिकागो:
मला अजूनही पटलेलं नाही. निदान कणसं पिकायच्या आत कापा, आणि टब रिकामा करायची वेळ आली तर मुळं पिशवीत बांधून कचऱ्यात टाका, कंपोस्टमध्ये नको.

मस्कीगनकर:
कापीन, शब्द देतो. पहिलं कणीस दिसलं की इथेच कळवतो.

ओहायोची_मावशी:
झेंडूला तिथे रोज पाणी लागेल हं, वाळू आहे.