गिरणगावातील खाणावळवाल्या बायका

प्रश्न : पदरी भांडवल नसताना आणि जेवणाचे पैसे गिरणी कामगारांचा पगार झाल्यावरच हाती येत असताना, मुंबईच्या गिरणगावात, म्हणजे कापड गिरण्यांच्या कामगार वस्तीत, घरगुती खाणावळ चालवणाऱ्या बायका महिनाभराचा किराणा कसा भरत असत?

परळकर : वाण्याच्या वहीवर उधारी चाले, ती फेडण्यासाठी सावकार गाठावा लागे आणि प्रसंगी मंगळसूत्रही गहाण पडे. १९७५ साली प्रेमाताई पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ स्थापून या बायकांना बँकेच्या कर्जाची वाट मोकळी करून दिली, जे माझ्या मते कोणत्याही मोर्चाहून मोठे काम आहे.

दादरकर : मोर्चांना इतके कमी लेखू नये. महागाईविरोधात मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर यांच्यासोबत लाटणी घेऊन रस्त्यावर उतरलेल्या गृहिणीही घरखर्चाचाच हिशेब मागत होत्या.

परळकर : मान्य. मात्र १९८२ च्या गिरणी कामगारांच्या संपात जेवणाऱ्यांचाच पगार थांबला, तेव्हा खाणावळवालीची उधारी कोणी फेडायची, हा प्रश्न उरलाच.