संत पॅट्रिकनं मित्राला माफ केलं होतं का?

दिवेलागण:
नमस्कार. मी पाच वर्षांपासून आयर्लंडमध्ये आहे, नर्स म्हणून काम करते. प्रश्न इथला पालक संत मानल्या जाणाऱ्या संत पॅट्रिकबद्दल आहे, पण निमित्त माझं स्वतःचं आहे. ते सांगितल्याशिवाय विचारता येत नाही.

पंधराव्या वर्षी माझ्या हातून एक गोष्ट घडली. काय, ते इथं लिहीत नाही. नवरा सोडला तर एकाच मैत्रिणीला ती माहीत होती. रात्रपाळी संपवून आम्ही दोघी गाडीत बसलो होतो, काचांवर वाफ धरली होती, तेव्हा बोलता बोलता मी सांगून गेले. मार्चमध्ये प्रार्थनागटात तिनं ती सगळ्यांपुढे सांगितली, माझ्या देखत, "हिच्यासाठी प्रार्थना करा" म्हणून. मी कप उचलून स्वयंपाकघरात गेले आणि नळ सोडून नुसती उभी राहिले.

नंतर १७ मार्च, म्हणजे पॅट्रिकचा सण आला. गटातल्या एक वडीलधाऱ्या बाई म्हणाल्या, "पॅट्रिकला ज्यांनी गुलाम केलं त्यांच्यातच तो परत गेला. तुला एवढंसं सोडून देता येत नाही?" तेव्हापासून माझी प्रार्थनाच थांबली आहे. डोळे मिटले की तो नळ ऐकू येतो. त्यानं खरंच सगळं इतक्या सहज सोडून दिलं होतं का? त्याचं स्वतःचं लिखाण कुणी वाचलं आहे का?

पाणवठा:
ताई, वाचून पोटात कालवलं. प्रार्थनेच्या नावाखाली दुसऱ्याचं गुपित चव्हाट्यावर आणणं ही चहाडीच आहे, तिला दुसरं नाव देऊ नका. माफ करणं वेगळं आणि पुन्हा विश्वास टाकणं वेगळं, एवढं मला कळतं. पॅट्रिकचं मात्र, त्यानं आयर्लंडमधले साप हाकलले या दंतकथेपलीकडे मला काही ठाऊक नाही. जाणकारांनी सांगावं.

जुनीवही:
मी दर वर्षी ईस्टरआधीच्या उपवासकाळात पॅट्रिकची कबुली, म्हणजे त्यानं स्वतःबद्दल लिहिलेली पुस्तिका, वाचते. ती इतकी पातळ आहे की एका बैठकीत संपते, पण मला चाळीस दिवस पुरते. त्याच्या हातच्या अशा दोनच गोष्टी उरल्या आहेत, ही कबुली आणि कोरोटिकस नावाच्या सरदाराच्या सैनिकांना लिहिलेलं पत्र. साप किंवा त्याच्या नावाशी जोडली जाणारी तीन पानांची शॅमरॉक वनस्पती यांचा दोन्हींत उल्लेख नाही. दिवेलागण, तुमच्या प्रश्नाचं उत्तर मात्र आहे, आणि ते त्या बाईंना वाटतं तसं नाही.

तो मूळचा ब्रिटनचा. वडील डीकन, म्हणजे चर्चमधले धर्मगुरूच्या खालच्या पायरीचे सेवक, आजोबा धर्मगुरू. सोळा वर्षांचा होत असताना लुटारूंनी त्याला पकडून आयर्लंडला नेलं, आणि सहा वर्षं त्यानं गुरं राखली. बर्फात, पावसात, पहाटेआधी उठून डोंगरावर दिवसाला शंभरेक प्रार्थना, रात्रीही जवळपास तितक्याच, असं तो सांगतो. आधी मन भरून आलं आणि मग प्रार्थना सुरू झाली असं तो म्हणत नाही. प्रार्थना करत गेला तशी प्रीती वाढत गेली, असं सांगतो. मग तिथून पळाला, दोनशे मैल चालून जहाज गाठलं, पुढे काही वर्षांनी घरी पोचला. आईवडिलांनी विनवलं की आता आम्हाला सोडून जाऊ नकोस. आणि मग स्वप्नात व्हिक्टोरिकस नावाचा माणूस पत्रांची चळत घेऊन आला. आयर्लंडमधल्या वोक्लुटच्या रानातले लोक एका आवाजात म्हणत होते, ये, पुन्हा आमच्यात वावर. पॅट्रिक लिहितो की माझं काळीज तुटलं, पुढे वाचवेना.

गुलामीबद्दल त्याच्या लिखाणात कडवटपणा जवळजवळ नाही. उलट त्या वर्षांत मला देव सापडला असं तो म्हणतो. पण ताई, तुमची गोष्ट गुलामीची नाही. तुमची गोष्ट पुढच्या पानांत आहे, आणि ती त्या बाईंनी वाचलेली दिसत नाही.

डीकन होण्याआधी पॅट्रिकनं जवळच्या मित्राला आपलं एक पाप सांगितलं होतं. लहानपणी, एका तासात घडलेलं. तेव्हा आपण पंधराचे तरी होतो की नव्हतो, देव जाणे, असं तो लिहितो. पाप कोणतं, ते शेवटपर्यंत सांगत नाही. याच मित्रानं एकदा त्याला म्हटलं होतं की तू बिशप होणार. आणि तीस वर्षांनी तेच पाप चर्चमधल्या वडीलधाऱ्यांनी त्याच्याविरुद्ध बाहेर काढलं. त्या दिवशी मला असा तडाखा बसला की मी कायमचा कोसळलो असतो, हे त्याचे शब्द. हे त्यांच्या माथी पाप म्हणून लागू नये, अशी प्रार्थना तो करतो. म्हणजे माफी आहे. पण थोडं पुढे गेलं की ज्याच्या हाती मी माझा जीव सोपवला त्याला सगळ्यांदेखत मला लाजवावंसं का वाटलं, हा प्रश्न तसाच उभा आहे. हे लिहिताना तो म्हातारा झालेला आहे आणि अजून दुखतंय. त्यांच्यासाठी देवाकडे माफी मागितली म्हणून दुखणं थांबलं असं तो एका ओळीतही म्हणत नाही.

त्यानं मित्राचं नाव कुठंच घेतलेलं नाही. वडिलांचं, आजोबांचं, स्वप्नातल्या माणसाचं घेतो, याचं नाही. आणि कोरोटिकसचं मात्र रोखठोक घेतो, कारण त्याच्या माणसांनी नुकताच बाप्तिस्मा झालेल्यांना, कपाळावरचं तेल अजून दरवळत असताना, कापून काढलं आणि उरलेल्यांना गुलाम करून नेलं. त्यांच्या पंगतीला बसू नका, कैदी सोडेपर्यंत त्यांचा दानधर्मही घेऊ नका, हे पत्र सगळ्यांसमोर वाचा, असं तो बजावतो. स्वतःला दुखावणाऱ्याचं नाव झाकायचं आणि दुबळ्यांना चिरडणाऱ्याचं उघड सांगायचं, हा फरक मला त्याच्याकडून शिकायला मिळाला.

आणि आता मला सर्वात प्रिय असलेली जागा. वडीलधाऱ्यांनी त्याला नाकारलं त्या रात्री स्वप्नात त्याला देवाची वाणी ऐकू आली, त्या माणसाचं तोंड पाहून वाईट वाटलं अशी. पॅट्रिक लगेच थांबून सांगतो की देव "तू पाहिलंस" असं बोलला नाही, "व्हिदिमुस" बोलला, जणू त्यानं स्वतःला माझ्याशी जोडून घेतलं. लॅटिनमध्ये "आम्ही" आणि "आपण" एकाच शब्दात येतात, म्हणून त्याला ही ओळ उलगडून सांगावी लागली. मराठीत ते एका शब्दात होतं. आपण पाहिलं. आपल्याला वाईट वाटलं. मी हे पहिल्यांदा मराठीत म्हणून पाहिलं तेव्हा बसमध्ये होते, उतरायचा थांबा चुकला.

दिवेलागण:
ड्यूटीच्या मधल्या सुट्टीत वाचलं, दोनदा. नळापाशी मी एकटी नव्हते असं कुणी म्हणू शकेल हे मला सुचलं नव्हतं. एक विचारू का? तो मित्र पुढे परत आला का?

जुनीवही:
कबुलीत तरी नाही. तो भाग संपतो आणि पॅट्रिक पुन्हा देवाचे आभार मानायला लागतो.

दिवेलागण:
बरं. गटात या रविवारी जाणार नाही. तिला मात्र निरोप पाठवला आहे की मला खूप लागलं, आणि इतकंच. आज घरी येऊन बऱ्याच दिवसांनी डोळे मिटून बसले. शब्द सुचेनात, म्हणून "आपण" एवढंच म्हटलं.