मार्सेल दालिओ तुम्हाला कुठे भेटला?

परवा 'कासाब्लांका' (१९४२) पुन्हा पाहिला. पोलीस अधिकारी रनो रिकचं हॉटेल बंद करायला निघालाय, इथे जुगार चालतो म्हणून भलताच रागावलाय, आणि तेवढ्यात एक बुटका माणूस अदबीने येऊन रनोनेच जिंकलेले पैसे त्याच्या हातात ठेवतो. तो माणूस म्हणजे फ्रेंच नट मार्सेल दालिओ. श्रेयनामावलीत नावसुद्धा नाही. तीनच वर्षं आधी दिग्दर्शक झां रन्वारच्या 'ला रेग्ल द्यु झ्यू' या सिनेमात तो मार्की, म्हणजे उमराव, होता, अख्खी हवेली त्याची! सिनेमा पाहून झाल्यावरही हे मनातून जाईना. तुम्हाला तो कुठे दिसला, जरूर लिहा.

पुण्याहून
तो मार्की मी चित्रपट रसास्वादाच्या वर्गात पाहिला. त्याला यांत्रिक वाद्यांचा शौक. मेजवानीत पडदा उघडतो, दिव्यांनी लखलखणारा मोठा ऑर्गन वाजू लागतो, कॅमेरा त्यावरच्या बाहुल्यांवरून सरकत सरकत दालिओच्या चेहऱ्यावर येतो. नवं खेळणं दाखवणाऱ्या मुलासारखा तो उभा आहे. अभिमानाने फुललाय आणि लाजलायही. तेवढ्या तुकड्यासाठी आम्ही सरांना रीळ मागे घ्यायला लावलं होतं.
त्याच सिनेमात स्वयंपाकघरात नोकर कुजबुजतात, मालकाच्या आईचे वडील रोझेंथाल, फ्रँकफर्टहून आलेले. 'ला ग्रांद इल्युझियाँ'त (१९३७) दालिओच्या पात्राचं नावही रोझेंथालच होतं. पडद्यावर ज्यू असणं त्याला चुकलं नाही, बाहेर तर नाहीच. जर्मनांनी ज्यू कसा ओळखावा हे दाखवायला पोस्टरांवर त्याचाच चेहरा छापला.

टोरांटोहून
दादा, माझी ओळख त्याच्या कागदपत्रांमुळे झाली. जून १९४०मध्ये जर्मन यायच्या आत तो आणि त्याची बायको मादलेन लबो पॅरिसमधून निघाले. लिस्बन गाठलं, जहाज मिळालं, पण चिलीचे व्हिसा बनावट निघाले आणि दोघं मेक्सिकोत अडकली. शेवटी कॅनडाच्या तात्पुरत्या पासपोर्टांवर अमेरिकेत शिरता आलं. हे वाचलं तेव्हा माझ्याच अर्जाचं घोंगडं आठ महिने भिजत पडलं होतं. माझ्यामागे बंदुका नव्हत्या, तरी पोस्टमनची चाहूल लागली की पोटात गोळा यायचा.
'कासाब्लांका'त डोळे भरून 'मार्सेयेझ' हे फ्रेंच राष्ट्रगीत गाणारी तरुणी म्हणजेच मादलेन. व्हिसासाठी ताटकळलेल्या माणसांची ती गोष्ट, आणि ही दोघं खरोखर त्यातून आलेली. मला तो प्रसंग अजून कोरड्या डोळ्यांनी पाहता येत नाही.

ठाण्याहून
'हाउ टू स्टील अ मिलियन' आमच्याकडे घरचं कार्य असावं तसा दरवर्षी पाहतात. त्यातही हाच? आत्ता कळलं!

नागपूरहून
मी राज्य नाट्य स्पर्धेत अठरा वर्षं 'साहेब, पाहुणे आलेत' छापाची कामं करतोय, म्हणून लिहितो. 'ला ग्रांद इल्युझियाँ'त कैदेतून पळताना रोझेंथालचा पाय मुरगळतो. चिडलेला साथीदार (नट झां गाबँ) त्याला बर्फाळ रानात सोडून निघतो. मागे एका दगडावर बसून दालिओ रागाने लहान मुलांचं गाणं ओरडत म्हणतो, आणि दूर गेलेल्या गाबँच्या तोंडीही नकळत तेच गाणं येतं. मग गाबँ परत येतो. कौतुक गाबँच्या परतण्याचं होतं, पण त्याला परत आणतो तो दालिओचा आवाज. समोरच्याचं काम उभं करायचं म्हणजे काय, ते मी तिथे शिकलो.
आणि 'कासाब्लांका'तलं क्रूपिएचं, म्हणजे जुगाराचं टेबल सांभाळणाऱ्याचं, काम नीट पाहा. पैसे देताना घाई नाही, हसणं नाही. रोज रात्री हेच करणारा माणूस.

मुंबईहून
फ्रेंचच्या वर्गात बाईंनी 'रब्बी जाकोब' (१९७३) दाखवला. रब्बीचं सोंग घेतलेल्या विनोदी नट लुई द फ्युनेसला पाहून सगळे पोट धरून हसत होते. त्यातला खरा रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, दालिओ आहे. सुरुवातीला न्यूयॉर्कमधली आख्खी गल्ली त्याला निरोप द्यायला लोटलीय आणि तो आनंदाने पॅरिसला निघालाय. त्याचे आईवडील नाझी छळछावण्यांत गेले हे बाईंनी नंतर सांगितलं. घरी येऊन मी तेवढाच निरोपाचा प्रसंग परत लावला.