समग्र, संपूर्ण की संकलित? ऑस्कर वाइल्डच्या 14 खंडांना काय म्हणावे

पानकिडा:
ऑस्कर वाइल्ड या आयरिश लेखकावर एक टिपण लिहितोय. लंडनच्या मेथ्यूएन प्रकाशनाने 1908 साली त्याचे लेखन त्याचा मित्र रॉबर्ट रॉस याच्या संपादनाखाली 14 खंडांत काढले. मी 'कलेक्टेड वर्क्स'साठी सरळ 'समग्र वाङ्मय' लिहिले, तर मुद्रितशोधक बाईंनी शेजारी प्रश्नचिन्ह काढून पान परत पाठवले. आपल्याकडे फुल्यांचे 'समग्र वाङ्मय' आहे, सावरकरांचे आहे. मग वाइल्डनेच काय घोडे मारले?

धूळपाटी:
बाईंना माझा नमस्कार सांगा. समग्र म्हणजे शेंड्याबुडख्यासकट सगळे. रॉसच्या खंडांत तसे नाही आणि याला कारणही रॉसच.

समलिंगी संबंधांपायी शिक्षा भोगत असताना, 1897 च्या सुरुवातीला, रेडिंगच्या तुरुंगातून वाइल्डने आपला प्रियकर लॉर्ड आल्फ्रेड डग्लस याला उद्देशून एक लांबलचक पत्र लिहिले. रॉसने ते 1905 मध्ये 'डी प्रोफंडिस' या नावाने छापले, पण डग्लसविषयीचा मजकूर गाळून. पत्र कोणाला लिहिले आहे याचाही पत्ता लागू नये, अशी कात्री लावली. 1908 च्या खंडांत थोडी भर पडली, इतकेच. पुढच्या वर्षी त्याने हस्तलिखित ब्रिटिश म्युझियमच्या हवाली केले, ते 50 वर्षे कोणाला दाखवायचे नाही या अटीवर. मूळ बरहुकूम मजकूर वाचायला मिळाला तो थेट 1962 मध्ये, रूपर्ट हार्ट-डेव्हिसने संपादलेल्या पत्रसंग्रहात. आता सांगा, 'समग्र' कोणत्या तोंडाने म्हणायचे?

शेवंता:
धूळपाटीकाका, रॉसवर एवढे घसरू नका हो. डग्लस तेव्हा हयात होता आणि कोर्टाची पायरी चढायला त्याला निमित्तच हवे असायचे. 1913 मध्ये त्याने वाइल्डवर पुस्तक लिहिणाऱ्या आर्थर रॅन्समवर अब्रूनुकसानीचा दावा लावलाच (आणि हरला).

धूळपाटी:
दोष देत नाही, शेवंताताई. गाळले ते शहाणपणाने गाळले असेल, पण शहाणपणाने गाळलेलेही गाळलेलेच.

बाराखडी:
माझे मत 'संकलित'ला. भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त संकलित म्हणजे बेरीज. हाताशी जे आले ते एकत्र मांडले, एवढाच दावा. सगळे आले असे तो शब्द म्हणत नाही.

आणि इथे तर खरोखरच गोळा करावे लागले. 1895 मध्ये खटल्यांच्या धामधुमीतच घेणेकऱ्यांसाठी वाइल्डच्या लंडनमधल्या टाइट स्ट्रीटवरच्या घरातल्या सामानाचा लिलाव झाला. पुस्तके गेली, कागदपत्रे गेली. वाइल्ड 1900 मध्ये पॅरिसमध्ये वारला तेव्हा दिवाळखोरच होता. रॉसने त्याची देणी फेडली आणि लेखनाचे हक्क मार्गी लावले. तरी 'डोरियन ग्रे' या कादंबरीचे हक्क पॅरिसच्या चार्ल्स कॅरिंग्टनकडेच राहिले, म्हणून त्या एका खंडावर मेथ्यूएनचे नाव नाही. बाकीच्यांना जोड म्हणून तो पॅरिसहून निघाला. पानकिडा, टिपणात '14 खंड मेथ्यूएनने काढले' असे सरसकट लिहिले असेल तर तेवढे वाक्य सांभाळा.

मिरचीभजी:
'वाङ्मय'ही तपासा की. ज्याच्या मूळात वाचा आहे तो शब्द वाइल्डला लावायचा, आणि त्याचे बोलणे तर हवेत विरले! जेवणाच्या टेबलावर तो बोलायचा ते उतरवून घेणारे कोणी नव्हते. न्यूयॉर्कच्या जकात अधिकाऱ्याला त्याने 1882 मध्ये सुनावलेले 'माझ्या प्रतिभेखेरीज जाहीर करण्यासारखे माझ्याकडे काही नाही' हे वाक्य सगळ्यांना पाठ असते, पण त्या दिवसांतल्या बातम्यांत ते मिळत नाही. अवांतर आहे, पण सांगितल्याशिवाय राहवेना.

पानकिडा:
अवांतर नाहीच, उपयोगी पडले. 'संपूर्ण'चे काय? 'संपूर्ण गडकरी' म्हणतोच आपण.

धूळपाटी:
गडकऱ्यांच्या वाट्याला 'अप्रकाशित गडकरी'ही आले, हे विसरू नका. उरलेसुरले पुन्हा निघतेच. इंग्रजीत 'कलेक्टेड' आणि 'कम्प्लीट' हे दोन निराळे शब्द वापरतात. आपण दोन्हींना 'समग्र' ठोकून देतो, म्हणून हा घोळ. माझ्या मते 'कलेक्टेड'ला संकलित, 'कम्प्लीट'ला समग्र किंवा संपूर्ण. 1966 मध्ये कॉलिन्सने एका जाडजूड खंडात काढलेल्या आवृत्तीवर 'कम्प्लीट' छापले आहे, तिथे 'समग्र' लिहा. दावा त्यांचा, निस्तरतील ते.

शेवंता:
'कम्प्लीट' तरी कसे ठरवायचे? 'द इम्पॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट' त्याने चार अंकी लिहिले, सेंट जेम्स थिएटरच्या जॉर्ज अलेक्झांडरने तीन अंकी करून घेतले आणि 14 फेब्रुवारी 1895 ला तेच रंगभूमीवर आले. चार अंकी छापायचे की तीन अंकी? 'सालोमे' हे नाटक तर मूळ फ्रेंचमध्ये. इंग्रजी खंडात अनुवाद घातला की तो वाइल्डचा म्हणायचा का?

बाराखडी:
म्हणूनच 'संकलित'. चार अंकी घ्या नाहीतर तीन अंकी, शब्द खोटा पडत नाही.

पानकिडा:
ठरले. 'ऑस्कर वाइल्ड : संकलित लेखन, संपादक रॉबर्ट रॉस, 1908'. वाङ्मयही काढले, मिरचीभजींच्या धाकाने. 'डोरियन ग्रे'बद्दल तळटीप घालतो आणि पान बाईंकडे पाठवतो.