सावळा रंग आणि क्रीमच्या जाहिराती

"जाहिराती समाज घडवत नाहीत, आहे तेच दाखवतात" हे मत मला पटलं नाही. गोरेपणाचं वेड जुनं आहे, हे मान्य. ‘गोरी, सुस्वरूप, गृहकृत्यदक्ष’ हे शब्द स्थळांच्या जाहिरातींत टीव्ही घरोघरी पोचायच्या आधीपासून आहेत. पण १९७५ मध्ये ‘फेअर अँड लव्हली’ आली आणि पुढे टीव्हीवर त्या वेडाला एक गोष्टच मिळाली. सावळी मुलगी खिन्न. क्रीम लावलं की नोकरी, नवरा, आत्मविश्वास. आणि असल्या क्रीम विकायला आपले लाडके नट-नट्या! शाळेत असताना ती जाहिरात लागली की मी खोलीतून उठून जायचे, कारण सगळे माझ्याकडे बघायचे.

सावळ्या माणसांना दुःखी किंवा कमी दर्जाचं दाखवू नका, असा नियम जाहिरात मानक परिषदेला २०१४ मध्ये करावा लागला. नुसता आरसा असता तर नियम कशाला लागला असता?

२०२० मध्ये त्या क्रीमच्या नावातलं ‘फेअर’ जाऊन ‘ग्लो’ आलं. माझी बारा वर्षांची भाची मात्र फिल्टरशिवाय फोटो काढूच देत नाही. परवा तिला सावळ्या स्मिता पाटीलचे फोटो दाखवले, मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या द्यायची हेही सांगितलं. बराच वेळ बघत बसली होती.